चार मीटरच्या आतली स्पर्धा

२००८ च्या जानेवारीत टाटांची इंडिगो सीएस बाजारात आली. आधीच्या इंडिगोसारखीच चार दारं, मागं वेगळी डिकी. फक्त ही डिकी आखूड. गाडीची लांबी भरली ३,९८८ मिलिमीटर, म्हणजे चार मीटरला बोटाच्या रुंदीएवढी कमी. चार वर्षांनी मारुतीनं डिझायरचं नवं रूप आणलं, त्याची लांबी ३,९९५. पहिली डिझायर याच्यापेक्षा जवळजवळ वीतभर लांब होती. शोरूममध्ये जाऊन ‘मला डिकी कापून द्या’ असं कुणा गिऱ्हाइकानं म्हटलं नव्हतं. मोठी सूटकेस आडवी ठेवून डिकीचं झाकण लावून बघणारं गिऱ्हाईक उलट नाराजच व्हायचं. डिकी कापली ती २००६ च्या अर्थसंकल्पानं. चार मीटरच्या आतली लांबी आणि पेट्रोलचं १,२०० सीसीपर्यंतचं किंवा डिझेलचं १,५०० सीसीपर्यंतचं इंजिन असलेल्या गाडीवरचं उत्पादनशुल्क त्या वर्षी २४ टक्क्यांवरून १६ वर आलं. पुढं सगळ्या मोठ्या कंपन्या त्या चार मीटरच्या चौकटीत उतरल्या आणि आपल्या रस्त्यावरची सर्वांत चुरशीची लढाई त्या चौकटीत झाली.

हे आधी सांगितलं, कारण मला ज्या मताचं खंडन करायचं आहे ते मत या गाडीपाशी अडतं. ते मत असं: सरकारी नियम आणि बाजारातली स्पर्धा हे एकमेकांचे वैरी आहेत. एक वाढलं की दुसरं आटतं. १९९१ पूर्वी नियम होते म्हणून उद्योजक दिल्लीकडे तोंड करून बसायचे. १९९१ नंतर नियम गेले, स्पर्धा आली आणि उद्योजक गिऱ्हाइकाकडे वळले. व्यवस्थापनाच्या वर्गात हे शिकवलं जातं, उद्योजकांच्या मेळाव्यात टाळ्या घेतं आणि आमच्या पुण्यात तर दुचाकीच्या इतिहासाचा दाखला देऊन ते सिद्धच झाल्यासारखं सांगितलं जातं. म्हणून मीही दुचाकीचाच दाखला घेतो. पूर्वपक्ष त्याच्या पूर्ण ताकदीनिशी मांडला पाहिजे, नाहीतर खंडनाला अर्थ राहत नाही.

पूर्वपक्षाचं बळ खरं आहे. बजाजला दुचाकी-तिचाकी बनवायचा परवाना १९५९ मध्ये मिळाला. इटलीच्या पियाजिओशी तांत्रिक करार होता, तो १९७१ मध्ये संपला. पुढच्या वर्षी चेतक आली. किती स्कूटर बनवायच्या हा आकडा परवान्यावर छापलेला असे. मागणी कितीही असो, त्या आकड्यापलीकडे जायला परवानगी लागे. त्यामुळे नंबर लागायला वर्षं जात, कधी कधी दहा. परदेशातल्या नातेवाइकानं डॉलर पाठवले तर गाडी लवकर मिळे. ज्याचा नंबर लागला तो गाडी घेऊन दुसऱ्या दिवशी ‘ऑन’ घेऊन विकू शके, कारण वापरलेल्या स्कूटरला नव्या स्कूटरपेक्षा जास्त भाव होता. आमच्या वडिलांनी नाव नोंदवलं तेव्हा मी पहिलीत नव्हतो आणि गाडी दारात आली तेव्हा माझी मुंज झालेली होती. पावसाळ्यात सकाळी ती सुरू होत नसे. वडील ऑफिसचे कपडे घालून तिला एका अंगावर आडवी करत, पुन्हा उभी करत, मग किक. मधे प्लग काढून सॅंडपेपरनं घासत. तो प्लग हातात धरून उभे असलेले वडील मला अजून दिसतात. दहा वर्षं वाट बघून मिळालेली वस्तू रोज आडवी करावी लागते, आणि तरी तक्रार कुणाकडे करायची नाही, कारण मागं रांग उभी आहे. ही व्यवस्था माणसाचा अपमान करणारी होती आणि तिचं समर्थन मी करणार नाही.

पण मग या गोष्टीतून निष्कर्ष कोणता निघतो, तो बघू.

पहिली गोष्ट, परवान्याच्या त्या काळातही स्पर्धा मेलेली नव्हती. मुंबईच्या ऑटोमोबाइल प्रॉडक्ट्स ऑफ इंडियाची लॅम्ब्रेटा होती, लखनौच्या सरकारी कारखान्याची विजय सुपर होती. लांबलचक रांग होती ती बजाजच्या गाड्यांसाठी. लोक हातातली दुसरी गाडी सोडून रांगेत थांबत होते. म्हणजे गिऱ्हाईक निवड करत होतं आणि बजाजचा आकुर्डीचा कारखाना ती निवड कमावत होता. परवान्यानं स्पर्धा नष्ट केली नाही. चांगल्या गाडीचं उत्पादन वाढू दिलं नाही आणि त्यामुळे चांगल्याला मिळायचं बक्षीस गोठवलं, हे स्पर्धेचं खरं नुकसान.

दुसरी गोष्ट त्याहून महत्त्वाची. मुंबई विद्यापीठाचे अर्थशास्त्रज्ञ र. क. हजारी यांनी १९६० च्या दशकात परवान्यांचा हिशेब तपासला, तेव्हा दिसलं की काही बड्या घराण्यांनी गरजेपेक्षा कितीतरी जास्त परवाने मागून ठेवले होते. कारखाना उभा करायचा म्हणून ते मागितलेले नव्हते. दुसऱ्याला मिळू नये म्हणून मागितले होते. परवाना ही सरकारची बेडी असं आपण म्हणतो, पण ज्याच्या हातात ती आधी पडली त्यानं तिचा कुलूप म्हणून वापर केला. या चौकशीच्या आणि नंतरच्या दत्त समितीच्या पाठीवर १९६९ चा मक्तेदारी कायदा आला. म्हणजे उद्योजक तेव्हाही स्पर्धेचाच विचार करत होते, फक्त त्या स्पर्धेचं मैदान दिल्लीच्या उद्योग भवनात होतं.

आता १९९१ च्या विभाजनरेषेकडे येऊ. ही रेषा दुचाकीच्या बाबतीत चुकीच्या जागी काढली गेली आहे. रांग १९९१ मध्ये तुटली नाही; ती त्याआधीच विरत आली होती. १९८० च्या दशकाच्या पूर्वार्धात सरकारनं शंभर सीसीच्या आसपासच्या दुचाकींसाठी जपानी कंपन्यांशी भागीदारीला परवानगी दिली. बघता बघता हीरो होंडा धारुहेड्यात उभी राहिली, दक्षिणेत टीव्हीएस आणि सुझुकी एकत्र आले, एस्कॉर्ट्सनं यामाहाची आरएक्स १०० आणली, बजाजनं कावासाकीचा हात धरला आणि आमच्या फिरोदियांच्या कायनेटिकनं होंडाबरोबर बटण दाबून सुरू होणारी, गिअर नसलेली स्कूटर आणली. आडवी करून किक मारणाऱ्या घरांना ते बटण काय वाटलं असेल, हे ज्यानं अनुभवलं त्यालाच कळेल. १९८५ मध्ये बजाजनंही वाळूजचा मोठा कारखाना सुरू केला. हे सगळं परवान्याच्या राज्यात घडलं. नियम हटला म्हणून नव्हे, नियमाचा मजकूर बदलला म्हणून. कोण भागीदार होऊ शकतो, किती सीसीचं इंजिन चालेल, हे तेव्हाही सरकारच ठरवत होतं. आणि त्या ठरावानं भारतात पुढची चाळीस वर्षं शंभर सीसीची मोटरसायकल हीच सामान्य माणसाची गाडी राहील, याचा पाया घातला.

१९९१ नंतर तरी नियम गेला का? गाडीतून किलोमीटरमागे किती धूर निघालेला चालेल, याची मर्यादा देशभर पहिल्यांदा ठरली ती त्याच १९९१ साली. परवाना आणि धुराचं मानक यांची अदलाबदल एकाच वर्षी व्हावी हा योगायोग असेल, पण गेल्या तीस वर्षांची गोष्ट त्यात सामावलेली आहे. १९९६ मध्ये ही मर्यादा कडक झाली, २००० मध्ये आणखी. दुचाकीच्या कार्बन मोनॉक्साइडला १९९६ च्या नियमात दर किलोमीटरला ४.५ ग्रॅमची सवलत होती. २००० मध्ये ती २ ग्रॅमवर आली.

टू-स्ट्रोक इंजिनाला हे जड गेलं. त्या इंजिनात पेट्रोलबरोबर ऑइल जळतं आणि नवं मिश्रण आत येतानाच त्यातला काही भाग न जळता सायलेन्सरमधून बाहेर पडतो. ज्यांनी स्वारगेटच्या सिग्नलला संध्याकाळी उभं राहून तो निळसर धूर खाल्ला आहे, त्यांना रसायनशास्त्र सांगायला नको. पेट्रोल पंपावर हिरव्या-निळ्या ऑइलचं माप ओतून घेणं हा तेव्हा टाकी भरण्याचाच भाग होता. हीरो होंडाची सीडी १०० पहिल्या दिवसापासून फोर-स्ट्रोक होती. तिची निवड मुख्यतः ‘ॲव्हरेज’साठी झाली होती, हे मान्य करायला हवं; धुराचे नियम तेव्हा नव्हतेच. पण मानकं आली आणि त्या निवडीची किंमत एकदम वाढली. जे इंजिन फक्त काटकसरीचं होतं ते आता कायदेशीरदृष्ट्या सुरक्षितही झालं. उलट ज्या कंपन्यांची सगळी पुंजी टू-स्ट्रोकमध्ये गुंतली होती, त्यांना उत्प्रेरक बसवा, नाहीतर नवं इंजिन उभं करा, असे दोनच रस्ते उरले. बजाजनं १९९० च्या दशकाच्या शेवटी फोर-स्ट्रोक स्कूटर आणि मोटरसायकली आणल्या, चाकणला नवा कारखाना उभारला आणि २००१ मध्ये पल्सर काढली. पल्सरचं श्रेय आराखडा करणाऱ्यांना आहे, नियमाला नाही. पण चेतकच्या जिवावर बसून राहण्याची सोय नियमानं काढून घेतली होती.

इथं कुणी म्हणेल की शेवटी स्पर्धेनंच हे घडवलं, नियम निमित्तमात्र. मग होंडाच्या ॲक्टिव्हा स्कूटरचं काय करायचं? डिसेंबर १९९८ मध्ये केंद्रानं अठरा क्रमांकाची एक प्रेस नोट काढली. ज्या परदेशी कंपनीची इथं आधीच भागीदारी आहे, तिला त्याच क्षेत्रात स्वतंत्र कंपनी काढायची तर जुन्या भारतीय भागीदाराच्या हिताला धक्का लागत नाही हे दाखवावं लागेल, असा तिचा आशय. उदारीकरणाला सात वर्षं झाल्यावरचा हा नियम आहे. होंडानं १९९९ मध्ये स्वतःची कंपनी काढली ती हीरोशी समझोता करून: सुरुवातीची काही वर्षं फक्त स्कूटर, मोटरसायकल नाही. कायनेटिकशी तिची भागीदारी त्याआधीच संपलेली होती. जगातल्या सर्वांत मोठ्या मोटरसायकल कंपनीला भारतात स्वतंत्रपणे मोटरसायकल बनवायची मुभा नव्हती, म्हणून तिनं सगळं कौशल्य एका गिअरलेस स्कूटरमध्ये ओतलं. त्या काळात सगळे स्कूटरचा बाजार संपला म्हणत होते. ॲक्टिव्हानं तो पुन्हा उभा केला, इतका की स्कूटर म्हणजे ॲक्टिव्हा असं झालं; आणि २००९ च्या अखेरीस बजाजनं स्कूटर बनवणं बंद करणार म्हणून जाहीर केलं. ज्या कंपनीच्या नावानं देश स्कूटर ओळखत होता तिनं स्कूटर सोडली आणि जिला मोटरसायकलपासून दूर राहावं लागलं तिनं ती उचलली. या उलटापालटीतून प्रेस नोट वगळून पाहा. कथा उभी राहत नाही.

मायकेल पोर्टर यांनी १९७९ मध्ये मांडलेल्या स्पर्धेच्या पाच शक्ती आपल्याकडच्या प्रत्येक एमबीएला तोंडपाठ असतात. त्यात सरकार नाही. सरकारला सहावी शक्ती का धरलं नाही, याचं उत्तर त्यांनी २००८ मध्ये त्याच लेखाच्या सुधारित आवृत्तीत दिलं: सरकार वेगळी शक्ती म्हणून मोजण्यापेक्षा त्याचा परिणाम पाचही शक्तींमधून कसा होतो हे पाहावं. आपल्या वर्गांमध्ये पहिला भाग शिकवला जातो, दुसरा राहून जातो. विद्यार्थी मग नियमाला हवामानासारखं बाहेरचं समजतो. खरं तर नवा प्रतिस्पर्धी येऊ शकतो की नाही, पर्यायी वस्तू स्वस्त पडते की महाग, पुरवठादार किती ताठ राहतो, या प्रत्येक प्रश्नाच्या पोटात एखादा नियम बसलेला असतो.

नियम हा स्पर्धेचं हत्यारही होऊ शकतो, हे मी स्वतः पाहिलं. १ एप्रिल २०१७ पासून फक्त धुराच्या ‘भारत स्टेज चार’ या मानकाच्या गाड्या बनवायच्या होत्या. बहुतेक कंपन्यांनी असं धरलं होतं की ‘बनवायच्या’ म्हणजे बनवायच्या. आधी बनलेला तीनचा माल नंतर विकता येईल. बजाजनं चारच्या गाड्या आधीच सुरू केल्या होत्या आणि ज्यांनी वेळेत खर्च केला त्यांच्यावर अन्याय होऊ नये, म्हणून विक्रीवरही बंदी हवी अशी भूमिका न्यायालयात घेतली. २९ मार्चला सर्वोच्च न्यायालयानं विक्री आणि नोंदणी दोन्हींवर बंदी घातली. देशभर आठ लाखांवर गाड्या पडून होत्या, त्यातल्या बहुतांश दुचाकी. पुढचे दोन दिवस शोरूमबाहेर जत्रा होती. मी एका भाच्याला घेऊन गेलो होतो. फलकावरचा सवलतीचा आकडा सकाळी एक होता, दुपारी खोडून दुसरा लिहिला होता. वीस हजारांवर गेला तेव्हा लोक रंग न विचारता गाडी घेत होते. विक्रेता एका हातानं पावत्या फाडत होता आणि दुसऱ्या हातात फोन धरून पासिंगच्या कागदांसाठी कुणाला तरी विनवत होता. त्याच्या कपाळावरचा घाम मला विसरता येत नाही, कारण नुकसान त्याचं होतं आणि निर्णय त्याचा नव्हता. ज्या कंपनीनं नियम गांभीर्यानं घेतला ती त्या दिवशी तुलनेनं निवांत होती.

यावर सर्वांत सबळ आक्षेप असा येतो, आणि तो मला टाळायचा नाही: नियमाचा मजकूर बळकट माणूसच लिहवून घेतो. अमेरिकी अर्थशास्त्रज्ञ जॉर्ज स्टिगलर यांनी १९७१ मध्ये हेच मांडलं. आपल्याकडे १९९३ मध्ये ‘बॉम्बे क्लब’ म्हणून ओळखल्या गेलेल्या उद्योगपतींनी परदेशी कंपन्यांच्या आधी आम्हाला सावरायला वेळ द्या म्हणून जी मागणी केली, तीत बजाज ऑटोचे राहुल बजाज अग्रभागी होते. आणि बजाजच्याच क्यूटचं उदाहरण उलट बाजूनं घ्या. ही रिक्षाहून सुरक्षित, कारहून लहान चारचाकी २०१२ च्या जानेवारीत दाखवली गेली. ती कार नव्हती, रिक्षा नव्हती, म्हणून कायद्यात तिला नावच नव्हतं. ‘क्वाड्रिसायकल’ हा वर्ग तयार होऊन, न्यायालयातले वाद संपून, महाराष्ट्रात तिची विक्री सुरू व्हायला २०१९ उजाडलं. मधल्या काळात ती परदेशी रस्त्यांवर धावत होती. सात वर्षांत वस्तूचा बाजार शिळा होतो. हे नियमाचं अपयश आहे आणि मी ते अपयशच म्हणेन.

पण नीट पाहिलं तर या आक्षेपातून पूर्वपक्षाला आधार मिळत नाही. नियम नकोत असं त्यातून निघत नाही. नियम कोणता प्रश्न विचारतो हे तपासायला हवं, असं निघतं. परवाना विचारत होता: तू कोण आहेस आणि किती बनवणार? क्यूटला अडवणारा नियमही तेच विचारत होता: तू कोणत्या रकान्यातली? असा प्रश्न आला की धंद्याची बुद्धी रकाना मिळवण्यात खर्च होते. धुराचं मानक वेगळा प्रश्न विचारतं: तुझ्या गाडीतून किलोमीटरमागे काय बाहेर पडतं? कोथरूडच्या टेकडीवर ऑटोमोटिव्ह रिसर्च असोसिएशनमध्ये गाडी रोलरवर चढवून, ठरलेल्या वेगानं पळवून, नळीतून धूर घेऊन हे मोजतात. त्या रोलरला आडनाव कळत नाही. बड्या घराण्याची गाडी आणि कालच्या कंपनीची गाडी, दोघींना तेच आवर्तन पुरं करावं लागतं. असा प्रश्न आला की धंद्याची बुद्धी इंजिनाकडे वळते.

आणि तो प्रश्न किती आधी विचारला, यावर निम्मं अवलंबून असतं. भारत स्टेज पाच गाळून थेट सहावर जायचं, हे २०१६ च्या जानेवारीत जाहीर झालं; तारीख होती १ एप्रिल २०२०. मोठी उडी होती, उद्योगानं कुरकुर केली, पण चार वर्षं हातात होती. कार्ब्युरेटर जाऊन शंभर सीसीच्या मोटरसायकलीतही इंधन इंजेक्शन आलं. आता विजेच्या दुचाकींच्या अनुदानाशी तुलना करा. २०२१ च्या जूनमध्ये ते बॅटरीच्या प्रत्येक किलोवॉट-तासाला पंधरा हजार रुपये केलं, कमाल किमतीच्या चाळीस टक्के. २०२३ च्या मेमध्ये ते दहा हजार आणि पंधरा टक्क्यांवर आणल्याची अधिसूचना निघाली आणि दोन आठवड्यांच्या आत लागू झाली. मेमध्ये लाखावर गेलेली नोंदणी जूनमध्ये पन्नास हजारांच्या खाली आली. त्याच योजनेत कारखान्याबाहेरची किंमत दीड लाखाच्या आत असण्याची अट होती. काही कंपन्यांनी ती पाळण्यासाठी चार्जर वेगळा विकला आणि नंतर गिऱ्हाइकांना ते पैसे परत करावे लागले. चार्जरशिवाय विजेची गाडी ही कल्पना कुणा आराखडाकाराच्या डोक्यात आलेली नाही. ती अटीच्या ओळीवरून आली, जशी आखूड डिकी आली होती.

म्हणून मला वाटतं, आपल्या उद्योगाच्या इतिहासाची मांडणी बदलली पाहिजे. १९९१ ला सरकार गेलं नाही, त्यानं जागा बदलली: कारखान्याच्या दारातून उठून ते सायलेन्सरच्या तोंडाशी, बॅटरीच्या पेटीपाशी, गाडीच्या मापपट्टीपाशी जाऊन बसलं. जो उद्योजक अजून दाराकडेच बघत राहतो, त्याला वाटतं सरकार आता नाही. जो बघायला शिकला, त्यानं २०१७ च्या मार्चमध्ये घाम पुसला नाही. चाकण-आकुर्डीच्या मुलांना, जी पुढं या कंपन्यांत कामाला लागतील, आपण हे शिकवत नाही याचं मला खरंच वाईट वाटतं. ती मुलं मार्केटिंग शिकतात, राजपत्र कसं वाचायचं हे नोकरीला लागल्यावर ठेचा खाऊन शिकतात.

चार मीटरची ती रेघ अजून तशीच आहे. २२ सप्टेंबर २०२५ पासूनच्या जीएसटीतही छोट्या गाडीचा सवलतीचा दर त्याच लांबीपाशी थांबतो. त्याच महिन्यात इंधनकार्यक्षमतेच्या पुढच्या नियमांचा मसुदा आला. त्यात ९०९ किलोपर्यंत वजन, १,२०० सीसीपर्यंत इंजिन आणि चार मीटरपर्यंत लांबी असलेल्या पेट्रोल गाडीला जादा सवलत सुचवली होती. ज्यांचा धंदा छोट्या गाड्यांवर उभा आहे त्यांना ती हवी होती. ज्यांच्या गाड्या त्या वजनात बसत नाहीत त्यांनी विरोध केला. दोन्ही बाजूंची निवेदनं मी वाचली. त्यात गिऱ्हाईक होतं, सुरक्षितता होती, पर्यावरण होतं. आणि सगळा वाद ९०९ या आकड्यावर होता.